टेपचं दुसरं टोक

आनंदाने हात थरथरतात हे मला पस्तिसाव्या वर्षी कळलं, आणि तेही बाबांच्या मृत्यूचे कागद वाचताना. आज लिहितानाही त्याची थोडी लाज वाटते. पण तो आनंदच होता, त्याला दुसरं नाव देता येत नाही. गिरगावातल्या छापखान्यात माझ्या टेबलावर डबा उघडा पडला होता, भेंडीची भाजी वाळत होती आणि मी खुर्चीतून ताडकन उठून उभी राहिले होते. समोरच्या टेबलावरच्या सहकाऱ्याने विचारलं, "काय गं, लॉटरी लागली का?" मी म्हटलं, "काथ्या सापडला." त्याने माझ्याकडे असं काही पाहिलं की मी निमूट खाली बसले.

काथ्या म्हणजे नारळाच्या सोडणापासून करतात ती दोरी. मंडपाचे बांबू बांधायला वापरतात. तिच्यात एवढं आनंदाचं काय होतं ते सांगायचं तर आधी आईबाबांबद्दल सांगायला हवं.

आमची खोली काळाचौकीला, चाळीच्या दुसऱ्या मजल्यावर. आईच्या तोंडी दिवसभर एकच शब्द असायचा: लवकर. लवकर ऊठ, लवकर आवर, लवकर जेव, लवकर ये. चाळीतली मुलं तिला पाठीमागे लवकरकाकू म्हणायची आणि तिला ते ठाऊक होतं. बाबा नेमके उलटे. दादरच्या एका टेलरिंगच्या दुकानात ते कटर होते. कापडावर कात्री फिरली की ती परत घेता येत नाही, या धास्तीत त्यांनी सगळं आयुष्य काढलं. कुलूप लावून तळमजल्यावर आले तरी पुन्हा वर जाऊन ते ओढून बघायचे. आई खालून ओरडायची, "अहो, लवकर," आणि ते वरून म्हणायचे, "आलोच," आणि यायचे नाहीत.

आमच्या गल्लीच्या गणपती मंडळात बाबांकडे एकच काम होतं, मापं घेण्याचं, आणि ते दुसऱ्या कुणाला द्यायची कुणाची छाती नव्हती. मूर्ती कारखान्यातून मंडपापर्यंत आणायच्या आधी रस्त्याची रुंदी, वायरींची उंची, वळणावरची जागा सगळं मापावं लागतं, नाहीतर बाप्पा नाक्यावर अडकून बसतात. मंडपाचे बांबू फुटपाथपासून किती पुढे आलेत तेही रोज बघावं लागतं. परवानगी फुटांत मिळते आणि मंडप घालणारे हातभर पुढेच सरकतात.

त्या श्रावणी सोमवारी बाबांनी दुकानातून रजा घेतली होती आणि सकाळपासून ते रस्ता मापत होते. पावणेदोनला आईने त्यांना फोन केला. "खिचडी गार होतेय, लवकर या." सात-आठ मिनिटांनी मंडपाच्या अगदी जवळ एका टेम्पोने त्यांना उडवलं. हॉस्पिटलात पोचायच्या आधीच ते गेले.

पोलिसांनी टेम्पोचालकावर गुन्हा नोंदवला. आम्ही भरपाईचा दावा लावला. मग विमा कंपनीचं लेखी उत्तर आलं. मयत इसम घाईघाईने धावत रस्ता ओलांडताना अचानक टेम्पोसमोर आला, चूक सर्वस्वी त्याचीच, असं त्यात होतं. चालकाचा जबाबही तसाच होता. आणि त्याला दुजोरा द्यायला पोलिसांनी त्या संध्याकाळी काढलेला जागेचा नकाशा होता. नकाशात मंडपाचे बांबू फुटपाथपासून पाच फुटांवर आणि बाबा पडले ती जागा अकरा फुटांवर. म्हणजे बांबूंपासून सहा फूट लांब. फुटपाथ मंडपाने अडला की माणसं बांबूंना लागून चालतात, हे लालबाग-काळाचौकीत शेंबड्या पोरालाही माहीत असतं. सहा फूट लांबून कुणी चालत नाही. तिथे असतो तो रस्ता ओलांडणारा.

आईने ते उत्तर माझ्याकडून वाचून घेतलं. 'धावत' या शब्दापाशी तिने मला थांबवलं आणि परत वाचायला सांगितलं. मी वाचलं. ती उठून गॅलरीत गेली. त्या दिवसापासून आमच्या घरात 'लवकर' हा शब्द कुणी ऐकला नाही आणि साबुदाणाही भिजला नाही. मी कामावर निघाले की म्हणायची, "सावकाश ये, उशीर झाला तरी चालेल." दूधवाला नऊ वाजता उगवला तरी त्यालाही सावकाश. आपल्या फोनमुळे ते धावले, असं तिने मनाशी घट्ट धरलं होतं. मी तिला शंभरदा सांगितलं, की बाबा आयुष्यात कधी धावले नाहीत, तू फोन केल्यावर तर नाहीच नाही. ती म्हणायची, "नकाशात आहे ना तसं." भरपाईचं काय व्हायचं ते होवो, मला तो नकाशा खोटा पाडायचा होता.

वकीलबाई आम्हाला छापखान्याच्या मालकांनी सुचवल्या. गिरगावातल्याच एका जुन्या ख्रिश्चन वाडीत राहणाऱ्या, साठीच्या, काळ्या कोटाखाली पांढरे कॅनव्हासचे बूट घालणाऱ्या. पहिल्याच भेटीत मी रडायला लागले तर त्यांनी पाण्याचा ग्लास पुढे केला आणि म्हणाल्या, "बाय, हा फौजदारी खटला नाय. इथे शंभर टक्के सिद्ध करायला लागत नाय. तराजू आपल्या बाजूला थोडा कलला तरी बस. पण कलायला वजन पायजे. रडून कलत नाय." मला त्या तिथेच आवडल्या.

वजन द्यायला अख्खी चाळ तयार होती. चौदा माणसं साक्ष द्यायला आली आणि प्रत्येकाने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं. आता श्रावणी सोमवारी दुपारी पावणेदोनला आमच्या चाळीत कोण कुठे असतं ते मला पाठ आहे. निम्मे उपासाचं खाऊन आडवे झालेले, निम्मे कामावर. तळमजल्यावरच्या एका काकूंनी तर टेम्पोचा रंगसुद्धा सांगितला, निळा. टेम्पो पांढरा होता. वकीलबाईंनी सगळ्यांना चहा पाजला आणि परत पाठवलं. मी चिडले. त्या म्हणाल्या, "एवढं प्रेम कोर्टात नेलं तर आपली केस दहा मिनिटांत बुडेल. मला एक माणूस दे ज्याने कायतरी खरंच केलं, पाहिलं, हात लावला. एक बस."

पुढे न आलेला माणूस एकच होता. मंडळाचे अध्यक्ष, बाबांचे चाळीस वर्षांचे दोस्त, निवृत्त बस कंडक्टर, आमच्या खालच्याच मजल्यावर राहणारे. मी त्यांना काका म्हणते. बाबा गेल्यापासून ते जिन्यात दिसले की नजर चपलांकडे लावून भिंतीला चिकटून उभे राहायचे. चौदा परके लोक खोटं बोलायला तयार आणि हा घरचा माणूस खरं चार शब्द बोलायला येत नाही, याचा मला भयंकर राग आला होता. मी त्यांच्याशी बोलणं टाकलं होतं.

तर मग राहिले कागद. छापखान्यात मी मुद्रितं तपासते. लग्नपत्रिका, संस्थांचे अहवाल, मुंजीची आमंत्रणं. दिवसभर दुसऱ्यांच्या चुका शोधायच्या आणि त्याचा पगार घ्यायचा, हा माझा धंदा. पोलिसांच्या कागदांच्या नकला मिळाल्यावर मी ठरवलं, रोज जेवणाच्या सुट्टीत एक कागद, ओळीखाली पट्टी ठेवून, एकही अक्षर न सोडता. पहिले काही दिवस वाया गेले. पंचनाम्याच्या फोटोंमध्ये मात्र एक गोष्ट डोळ्यांना खटकली. सगळे बांबू काथ्याने बांधलेले आणि तिसऱ्या बांबूवर निळी नायलॉनची दोरी. त्याचा अर्थ लागेना. मी कडेला पेन्सिलने प्रश्नचिन्ह केलं आणि पान उलटलं.

मग आला टेम्पोच्या तपासणीचा अहवाल. वाहन निरीक्षकाने अपघातानंतर टेम्पो बघून लिहिलेलं एकच पान. ब्रेक ठीक. टायर ठीक. पुढचा डावा दिवा फुटलेला, डावा आरसा मोडलेला. आणि अगदी शेवटच्या ओळीत, जिथे वाचणारे सहसा थांबतात: मोडक्या आरशाच्या दांडीत काथ्याच्या दोरीचा तुकडा अडकलेला.

चालकाचा जबाब माझ्यासमोरच होता. मी बांबूंपासून चांगला लांबून जात होतो, असं त्यात स्वच्छ लिहिलं होतं. मग आरशाला काथ्या कुठून आला? माझे हात थरथरायला लागले ते तेव्हा. इतके दिवस सगळ्या कागदांवर बाबाच चुकलेले होते, आणि आता कुणीतरी दुसरा चुकताना सापडला होता.

डबा तसाच टाकून मी वकीलबाईंकडे गेले. त्यांनी ओळ वाचली, चष्मा कपाळावर चढवला, परत खाली घेतला, परत वाचली. "गुड. टेम्पो बांबूंना घासला. म्हणजे त्याने डावीकडे गाडी घुसवली. पण नकाशा अजून उभा आहे, बाय. टेम्पो बांबूला घासला आणि तुझे बाबा बांबूपासून सहा फूट लांब? ते म्हणतील, मुंबईभर मंडप आहेत, काथ्या दुसरीकडचा. जुळत नाय."

"मग बांबूच पाच फुटांवर नसतील," मी म्हटलं. हे मी नुसतं रागाने बोलून गेले होते.

वकीलबाईंनी पेन उचललं. "कुणी मापलं होतं का त्या दिवशी?"

मला हसू आलं. त्या दिवशी सकाळपासून मापणारा एकच माणूस होता आणि आम्ही त्याच्याच मृत्यूचा दावा लढत होतो.

हॉस्पिटलातून परत मिळालेली बाबांची कापडी पिशवी आईने कपाटाच्या वरच्या फळीवर ठेवली होती, गाठ न सोडता. मी ती मागितली. कशाला, हे तिने विचारलं नाही. स्टुलावर चढली आणि काढून दिली. घरी उगाच आशा लावू नकोस असं वकीलबाईंनी बजावलं होतं, म्हणून मीही गप्प राहिले. पिशवीत शंभर फुटी टेप होती, खडू होता, चष्म्याचं घर होतं आणि बाबांची मापवही.

टेलरच्या मापवहीत पानागणिक एक गिऱ्हाईक असतं. बाबांनी शेवटची काही पानं रस्त्याला दिली होती, आणि त्याचीही मापं कपड्याच्या भाषेत लिहिली होती, कारण त्यांना दुसरी रीत येतच नव्हती. रस्त्याची पूर्ण रुंदी म्हणजे छाती. वळणावरची अरुंद जागा म्हणजे कंबर. वायरींची उंची ती लांबी. आणि मंडप फुटपाथपासून जेवढा पुढे आला ती बाही. मी फरशीवर बसून हसत सुटले. आई मोरीच्या दारातून बघत होती, मला वेड लागलं असं तिला वाटलं असणार. त्या सोमवारच्या तारखेखाली लिहिलं होतं: छाती ३३, कंबर २५, लांबी २१, बाही ८. आणि त्याखाली बारीक अक्षरात: बाही मोठी. ३ कमी करणे. सांगितले.

आठ. पाच नव्हे, आठ. बाबा अकरा फुटांवर पडले आणि बांबू आठ फुटांवर होते, म्हणजे मधे फक्त तीन फूट. ते बांबूंच्या कडेने चालत होते, गल्लीतली सगळी माणसं चालतात तसे. धावले नव्हते. काही ओलांडलं नव्हतं. मला तो आकडा जिन्यातून ओरडत जावंसं वाटलं. मी वही मिटली आणि परत उघडून तो आकडा तिथेच आहे ना ते बघितलं. बाबा कुलूप बघायचे तसं.

मग नजर 'सांगितले' या शब्दावर गेली. कुणाला सांगितलं? आणि सकाळी आठ असलेली बाही संध्याकाळी नकाशात पाच कशी झाली?

उत्तर मला माहीत होतं. शंभर फुटी टेप एकट्याने धरता येत नाही. तिचं दुसरं टोक कायम काकांच्या हातात असायचं.

मंडळाची खोली आमच्या जिन्याखाली आहे. काका एकटेच बसून आरतीच्या झांजा चिंचेने घासत होते. मी वही त्यांच्यासमोर उघडी ठेवली. त्यांनी पान बघितलं आणि चष्मा शोधायचे कष्ट घेतले नाहीत.

"आठ," ते म्हणाले. मग झांजेवरून बोट फिरवत बोलले. "तुझ्या बापसान सकाळीच माका सांगल्यान गो, बांबू आत घे. मी म्हटलंय, मंडपवाले जेवून येऊदेत, मगे बघूया."

बाकीचं त्यांनी तुकड्यातुकड्यांनी सांगितलं. बाबांना घेऊन गाडी हॉस्पिटलाकडे गेली. पोलीस पंचनाम्याला येणार हे कळलं. परवानगी पाच फुटांची, बांबू आठ फुटांवर. मंडपच बंद पडेल, इतक्या वर्षांच्या मंडळाला डाग लागेल, या भीतीने काकांनी चार पोरांना हाताशी धरलं आणि अख्खी रांग तीन फूट मागे घेतली. त्यांना वाटलं, बांबूंचा आणि अपघाताचा काय संबंध, टेम्पोवाला तर पकडलाच आहे. बांबू मागे गेले आणि बाबा भर रस्त्यात आले, हे त्यांच्या डोक्यातही आलं नाही. "तुझ्या बापसान सांगल्यान ताच केलंय, अशी मी माझ्या मनाची समजूत घातलंय," ते म्हणाले.

मला त्यांना मारावंसं वाटलं. खरंच वाटलं, आणि मी ते लपवत नाही. जे काम सकाळी दहा मिनिटांत झालं असतं ते त्यांनी बाबा गेल्यावर केलं, आणि तेही पोलिसांसाठी. मी म्हटलं, "काका, आई रोज स्वतःला खातेय. तिने फोन करून लवकर या म्हटलं, म्हणून बाबा धावले असं तिला वाटतं. तो तुमचा नकाशा तिला पाठ झालाय."

काकांनी झांज खाली ठेवली. हे त्यांना ठाऊकच नव्हतं. "वैनीक असा वाटता?" त्यांनी विचारलं. मी वही उचलली आणि वर आले.

ते साक्षीला येतील की नाही, हे त्यांनी सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी मंडळाची तीन मुलं घरी आली. "ताई, काकांना कोर्टात नको ओढूस ना. मंडळ अडकेल. बाबांना पण नसतं आवडलं." मी म्हटलं, "बाबांना काय आवडलं असतं ते त्यांनी लिहून ठेवलंय. बाही तीन फूट कमी करणे." ती मुलं गेली, पण माझी झोप उडाली. नाही म्हटलं तरी मंडळ बाबांचंही होतं.

वकीलबाईंना मी विचारलं, मंडळाची चूक निघाली तर आपला दावा पडणार का? त्यांनी टेबलावर दोन पेनं शेजारी ठेवली. "हा टेम्पोवाला. हे मंडळ. दोघं चुकले असतील तर त्यांनी आपसात भांडावं. आपल्याला दोघांपैकी कुणाहीकडे मागता येतं. मयताच्या माथी त्यातलं काय पण येत नाय." मग गंभीर झाल्या. "पण त्या काकांनी आपल्या पायांनी यायला पायजे. समन्स काढून आणलेला माणूस तोंड शिवून बसतो."

साक्षीच्या दिवशी मी छापखान्यातून चालत मोटार अपघात दाव्यांच्या न्यायाधिकरणात गेले. पंधरा मिनिटांचं अंतर मी नऊ मिनिटांत कापलं. आई घरीच होती, तिला मी फक्त तारीख आहे एवढं सांगितलं होतं. बाकांवर आमच्यासारखीच माणसं, मांडीवर प्लास्टिकच्या पिशव्या, पिशव्यांत कागद. टेम्पोचालक साक्षीला आलाच नाही. वकीलबाई माझ्या कानाशी लागल्या, "ज्याला खरं सांगायचं असतं तो पिंजऱ्यात उभा राहतो. हे पण आपल्या बाजूने वजन." पण काकाही दिसत नव्हते. आमचा पुकारा झाला. मी दाराकडे बघून बघून मान अवघडून घेतली.

आणि काका आले. पांढराशुभ्र शर्ट, कडक इस्त्री. कॉलर बघताच मी ओळखलं, तो बाबांनी शिवला होता. माझ्याकडे न बघता ते सरळ पिंजऱ्यात जाऊन उभे राहिले.

वकीलबाईंनी विचारलं तसं त्यांनी सगळं सांगितलं, कोर्टात बोलायची म्हणून जपून जपून वापरलेल्या मराठीत. रोज कसं मापायचे, कोण कुठे उभं राहायचं, त्या सकाळी बाही किती भरली. मग विमा कंपनीचे वकील उठले. तरुण, हुशार, आणि मला अजिबात न आवडलेले. त्यांनी मापवही हातात घेऊन पान फडकवलं.

"छाती तेहतीस, कंबर पंचवीस, लांबी एकवीस, बाही आठ. हे तर एखाद्या बाईच्या झंपराचं माप दिसतंय. ही टेलरची वही आहे. यात रस्ता कुठे आहे?"

मागच्या बाकांवर हसू फुटलं. आकडे खरोखरच झंपराला बसत होते. इतके दिवस वही चाळून ही गोष्ट माझ्या लक्षात आली नव्हती, आणि मी म्हणे चुका शोधणारी.

काका हसले नाहीत. "साहेब, झंपर शिवून गिऱ्हाईक घेऊन जातं. रस्ता तिथेच आहे. आज जाऊन मापा. छाती तेहतीस फूट भरेल, वळणावर पंचवीस. मागची पानं उलटा, दर वर्षी तेवढीच भरलीय. बाही तेवढी बदलते."

न्यायाधीशांनी वही मागून घेतली आणि मागची पानं उलटली. एकेक पान.

"पण मापं लिहिणारा तर हयात नाही," वकील म्हणाले. "हा आठ आकडा खरा आहे हे तुम्हाला काय माहीत?"

"टेपचं दुसरं टोक माझ्या हातात होतं."

"आणि तुम्हीच नंतर बांबू हलवलेत. पोलिसांना फसवलंत."

"होय."

एवढं सरळ उत्तर वकिलांना अपेक्षित नसावं. ते पिंजऱ्याच्या जवळ सरकले. "मग आज तुम्ही खरं बोलताय हे कशावरून मानायचं?"

"तेव्हा खोटं वागलो ते मंडळाला वाचवायला. आज बोलतोय त्याने मंडळ अडकणार, मीपण अडकणार. यात माझा फायदा कुठला, तो तुम्हीच सांगा."

वकीलबाईंनी शेवटी एकच प्रश्न विचारला. त्यांच्या हातात पंचनाम्याचा फोटो होता, मी पेन्सिलने प्रश्नचिन्ह केलेला तोच. "तिसऱ्या बांबूला निळी दोरी का?"

"टेम्पो घासला तिथला काथ्या तुटून गेलेला. आमच्याकडचा संपला होता. मी घरी गेलो आणि कपडे वाळत घालायची नायलॉनची दोरी कापून आणली." काकांनी कॉलरला हात लावला. "उरलेली अजून आमच्या गॅलरीत आहे. त्यावर मी रोज टॉवेल टाकतो."

आरशातला काथ्या आणि बांबूवरची निळी दोरी. माझ्या डोक्यात दोन्ही टोकं एकदम जुळली. मी टाळी वाजवणार होते. वकीलबाईंनी वळूनही न बघता हात मागे करून माझं मनगट धरलं.

बाहेर आल्यावर काका आणि मी जिन्यापाशी उभे राहिलो. मी त्यांना माफ केलं का? त्या दिवशी नाही. पण त्यांना चहा हवा का ते विचारलं आणि ते हो म्हणाले. "वैनीक सांगशील?" त्यांनी विचारलं. "निकाल लागू दे," मी म्हटलं. त्या वर्षी मंडळाला नोटीस आली, काकांनी अध्यक्षपद सोडलं, आणि जिन्यात काही लोक त्यांच्याशी बोलेनासे झाले. मी मात्र परत बोलायला लागले होते.

निकाल काही महिन्यांनी लागला. वकीलबाईंनी तो न्यायाधिकरणाच्या जिन्यातच उभ्या उभ्या वाचला, भराभर पानं उलटत, आणि मधल्या एका पानावर बोट ठेवून मला मराठीत सांगितलं. मयत मंडपाच्या कडेने चालत होता. टेम्पो वेगात होता आणि जागा अरुंद आहे हे दिसत असूनही डावीकडे घुसला. मयताचा कोणताही निष्काळजीपणा सिद्ध होत नाही. पुढे भरपाईचं होतं, ते मला ऐकूच आलं नाही. मी वकीलबाईंना मिठी मारली. त्यांचा चष्मा कपाळावरून माझ्या खांद्यावर पडला.

मी तिथूनच आईला फोन लावला आणि सगळं एका दमात सांगितलं. बाही, आठ, बांबू, काका, निळी दोरी. आई मधे एकदाही बोलली नाही. मला वाटलं फोन कट झाला.

मग तिने विचारलं, "म्हणजे ते धावले नव्हते?"

"नाही गं. चालत होते. आपल्या नेहमीच्या चालीने."

"कोर्टाने लिहून दिलंय?"

"लिहून दिलंय."

पलीकडून भांड्यावर झाकणी ठेवल्याचा आवाज आला. आज तारीख आहे हे तिला माहीत होतं. साबुदाणा तिने काल रात्रीच भिजत घातला असणार.

"खिचडी केलीय," आई म्हणाली. "गार होईल. लवकर ये."

मी हो म्हटलं आणि खाली रस्त्यावर आले. सिग्नल लाल होता. तो हिरवा होईपर्यंत मी फुटपाथवर उभी राहून रडले, आणि मग झेब्रा क्रॉसिंगवरून चालत पलीकडे गेले.